आईच्या दारावरचा नंबर

आमच्या गल्लीत मोटारसायकल थांबल्याचा आवाज आला की मी अजूनही आधी खिडकीतून बघते. पोस्टमन असतो, गॅसवाला असतो, नाहीतर शेजारणीचा जावई. तरी उठतेच. ही सवय मला एका नोटिशीनं लावली, आणि ती नोटीस मी माझ्याच हातानं ओढवून घेतली होती.

मी फौंड्रीसाठी ड्रॉइंग काढते. लोखंडाचा रस ज्या साच्यात ओततात तो साचा एका नमुन्यावरून बनतो, आणि तो नमुना बनवणाऱ्याला आधी कागदावर सगळं नेमकं लागतं. हे काम मी बेळगावला उद्यमबागेत एका कारखान्यात बरीच वर्षं पगारावर केलं. मग एकदा साहेबाशी वाजलं. माझं तोंड मुळातच फटकळ, त्या दिवशी जरा जास्तच सुटलं, आणि मी राजीनामा टाकून निपाणीला आईकडं आले. लग्नाच्या भानगडीत पडले नव्हते, त्यामुळं सामान थोडंच होतं. कंप्युटर, दोन बॅगा आणि एक फिरती खुर्ची, जिला आई अजूनही 'डाक्टरची खुर्ची' म्हणते.

आईचं घर म्हणजे दोन खोल्या आणि पुढं पत्र्याची पडवी. ती आयुष्यभर विड्या वळत आली. विडी कामगार म्हणून तिच्याजवळ कार्ड होतं, त्यावर कामगारांच्या योजनेतून हे घर मिळालं आणि उतारा तिच्या एकटीच्या नावावर झाला. वडील होते तेव्हाही घर तिचंच होतं. त्याचा वडिलांना राग होता आणि तिला अभिमान, आणि दोन्ही शेवटपर्यंत टिकले. भिंतीला साधा खिळा मारायचा तर अजूनही तिला विचारावं लागतं.

हळूहळू कामं मिळायला लागली. सगळ्यात मोठं गिऱ्हाईक म्हणजे कोल्हापूरकडची एक फौंड्री. पहिलं काम देऊन झालं आणि त्यांच्या अकाउंटंटचा फोन आला, की मॅडम, जीएसटी नंबर असल्याशिवाय आमच्या सिस्टीममध्ये तुमचं नाव चढत नाही. माझी उलाढाल इतकी लहान होती की कायद्याला माझा नंबर नको होता. पण त्यांच्या कंप्युटरला हवा होता, आणि काम मला कायदा देत नव्हता, ते देत होते.

कारखान्यातल्या ओळखीनं मी बेळगावच्या एका टॅक्स सल्लागारांकडं गेले. मला वाटलं, दोन सह्या केल्या की सुटले. त्यांनी उलट मलाच विचारलं, "धंदा कशा स्वरूपात करणार?"

"कशा म्हणजे? घरात बसून."

ते समजूतदारपणे हसले. असं कुणी हसलं की माझं डोकं फिरतं. म्हणाले, "एकटीच्या नावावर केलात तर प्रोप्रायटर. कुणाला बरोबर घेतलंत तर भागीदारी. नाहीतर एकट्या माणसालाही कंपनी काढता येते हल्ली."

कंपनी म्हटल्यावर मलाच हसू फुटलं. मी, माझी खुर्ची आणि पडवीतली आईची कोंबडी, अशी तिघांची कंपनी! मी म्हटलं, "प्रोप्रायटरच करा."

"सोपं तेच आहे. तुमचा जो पॅन तोच धंद्याचा पॅन. फक्त एक ध्यानात ठेवा. कंपनी तुमच्यापेक्षा वेगळी असते, तिचं देणं तिच्याजवळ राहतं. प्रोप्रायटर वेगळा नसतो. धंद्याचं देणं ते तुमचं देणं. मध्ये भिंत नाही."

"आमच्या घरात तशाही भिंती कमीच आहेत सर," मी म्हणाले. या उत्तरावर मी निपाणी येईपर्यंत बसमध्ये खूश होते.

नंबरासाठी धंद्याचा पत्ता लागतो. घर आईचं, म्हणून तिच्या नावाचं लाइट बिल, घराचा उतारा आणि तिच्या सहीचं संमतीपत्र हवं होतं. मी ते टाइप करून, स्टॅम्पवर काढून आणलं. आई पडवीत बसून तांदूळ निवडत होती. मी सुपाशेजारी कागद ठेवला आणि बोटानं जागा दाखवली.

"इथं सही कर."

"काय हाय ह्यात?"

"काही नाही गं. नंबरासाठी लागतंय."

तिनं हात पदराला पुसले. साक्षरतेच्या वर्गात शिकलेली सही ती फार सावकाश करते, एकेक अक्षर रेखत. पण त्या दिवशी ती पेन हातात धरून नुसतीच बसली. मला घाई होती, कागदाचा फोटो काढून पोर्टलवर चढवायचा होता. "आई, आटप की," मी म्हणाले. तिनं सही केली आणि सूप परत पुढ्यात ओढलं.

नंबर आला. तो नावासकट दारावर लावावा लागतो असं सल्लागारांनी सांगितलं होतं, म्हणून पेंटरकडून पाटी करून घेतली. वर मोठ्या अक्षरांत कन्नड, खाली इंग्रजी आणि त्याखाली नंबर. मराठी कुठं गेली विचारलं तर म्हणाला, पाटी लहान पडली. आई चौकटीत उभी राहून मी पाटी लावताना बघत होती.

"ह्यो नंबर कुनाचा?"

"माझा."

"मग माझ्या दारावर कशाला?"

मी म्हटलं, असंच असतं. दुसऱ्या दिवसापासून ती रोज सकाळी दार पुसताना पाटीही पुसायला लागली.

आता चूक कशी झाली ते सांगते. माझा एक जुना सहकारी कागलला असतो. त्यानंही नोकरी सोडून हेच काम घरून सुरू केलेलं, आणि त्याच फौंड्रीला त्याचीही बिलं जायची. मी त्याच्याकडून बिलाचा नमुना मागून घेतला. त्यात टॅक्सचे दोन भाग होते, अर्धा केंद्राचा आणि अर्धा राज्याचा. मी नाव बदललं, नंबर बदलला, बाकी सगळं तसंच ठेवलं. रिटर्नही मीच भरायला लागले. लोखंडाच्या जिनसांची केसभर मापं काढणाऱ्या बाईला चार रकाने भरायला माणूस कशाला लागतो, असा माझा तोरा होता.

कागल महाराष्ट्रात आणि निपाणी कर्नाटकात. त्याचं बिल कोल्हापूरला गेलं की ते राज्यातल्या राज्यात गेलं. माझं गेलं की ते परराज्यात गेलं, आणि परराज्यातल्या कामाला दोन भाग नसतात, वेगळ्याच नावाचा एकच टॅक्स असतो. नंबराचे पहिले दोन आकडेच राज्य सांगतात, त्याचे सत्तावीस आणि माझे एकोणतीस. रोज डोळ्यांसमोर होते. हुबळीच्या कुणाकडून ही चूक झाली नसती, कारण त्याला कोल्हापूर म्हणजे दुसरं राज्य हे सांगावं लागत नाही. आमच्या घरात कोल्हापूरला कधी कुणी परराज्य म्हटलंच नाही. मावशी मुरगूडला, मोठा दवाखाना कोल्हापूरला, लग्नाचा बस्ता कोल्हापूरला. सरहद्दीवरचा कोगनोळीचा नाकाही आम्हाला टोलनाका म्हणूनच माहीत आहे. दर बिलाला पोर्टल स्वतःहून महाराष्ट्र दाखवायचं आणि मी ते बदलून कर्नाटक करायची, कारण त्याशिवाय ते दोन भाग घेत नव्हतं. वर त्या पोर्टललाच शिव्या घालायची, की मेल्याला एवढंही कळत नाही.

वर्षभराहून जास्त काळ हे असं चाललं. मग एके दुपारी फौंड्रीच्या अकाउंटंटचा फोन आला.

"मॅडम, तुमच्या बिलांवर आम्ही दिलेला टॅक्स आम्हाला वजा मिळेना. तुम्ही तो भलतीकडंच भरलाय."

"तुमच्याकडंच काहीतरी चुकलं असेल," मी माझ्या नेहमीच्या सुरात म्हणाले.

तो बिचारा शांत होता. त्यानं माझ्या नंबराचे पहिले दोन आकडे वाचले, मग त्यांच्या नंबराचे वाचले. मला कळलं. सगळी बिलं दुरुस्त होईपर्यंत नवं काम थांबवतोय, असं तो म्हणाला. मी बरं म्हणून फोन ठेवला.

पुढच्याच आठवड्यात नोटीस आली. ती कागदावर येत नाही, हे एका परीनं वाईटच. कागद असता तर कपाटात ठेवून कुलूप लावलं असतं. ही फोनवर आली, आणि फोन दिवसभर हातातच. कारणे दाखवा, अन्यथा वसुली. बाकी सगळी कलमं होती. मी 'वसुली' एवढाच शब्द पुन्हा पुन्हा वाचत होते.

मला भीती वाटत होती. आडपडदा न ठेवता सांगते, फार वाटत होती. साहेबाच्या तोंडावर राजीनामा फेकताना जी बाई घाबरली नव्हती, ती आता भांड्याच्या आवाजानं दचकत होती. कारण माझ्या डोक्यात एकच वाक्य बसलं होतं, मध्ये भिंत नाही. माझ्याजवळ जप्त करण्यासारखं होतं काय? कंप्युटर आणि खुर्ची. पण सरकारदरबारी माझ्या धंद्याचा पत्ता म्हणून आईचं घर लागलेलं होतं, तिच्या उताऱ्यासकट, तिच्या सहीसकट. माझ्या डोळ्यांसमोर माणसं येऊन पडवीत उभी राहायची आणि विचारायची, घराचे मालक कोण? पुढं काय होणार ते मला दिसायचं नाही.

आईला मी काहीच सांगितलं नाही. पण एकाच घरात राहणाऱ्या बाईपासून काय लपणार? जेवण कमी झालं, मोटारसायकल थांबली की मी उठायची. एक दिवस बाजारातून आले तर दारावर पाटी नव्हती. चार भोकं तेवढी राहिली होती. मला वाटलं, आले आणि घेऊन गेले. मी चपला न काढताच आत धावले.

"आई! पाटी कुठाय? कोण आलतं?"

"कोन येतंय? मी काडली." ती चुलीपुढं बसली होती. "पेटीत हाय, लुगड्याखाली."

"ती काढता येत नाही गं. नियम आहे."

"माझं दार हाय." मग ती माझ्याकडं न बघता म्हणाली, "घर जातंय व्हय?"

मी खरं सांगितलं. चूक झालीय, नोटीस आलीय, घर जाणार नाही असं वाटतंय, पण मला नक्की माहीत नाही. तिनं आरडाओरडा केला असता तर बरं वाटलं असतं. ती खाली बघून बोलायला लागली.

"तू लई बारकी हुतीस. विड्यांचा कंत्राटदार आला, म्हनला, मावशी, अंगठा कर, विडीच्या पाल्याचा हिशोब हाय. म्या म्हनलं, माझ्या कार्डाला काय हुणार न्हाय न्हवं? न्हाय म्हनला, काय बी हुत न्हाय. केला अंगठा. मागनं कळलं, त्यात काय लिव्हलंतं ते. म्हनं मी त्येची कामगारच न्हवं. मी त्येच्याकडनं पाला-तंबाखू इकत घेतीया आन त्येलाच विड्या इकतीया. यापारीन! सुपात पाला घिऊन बसनारी यापारीन! फंड बंद, कार्ड बंद. सगळ्या बायका मिळून उनातान्हात धरन्याला बसलो तवा कार्ड परत मिळालं, आन कार्डावर ह्ये घर."

कार्ड एकदा गेलं होतं आणि परत मिळालं होतं, हे मला माहीत होतं. कसं गेलं होतं ते माहीत नव्हतं. म्हणजे धंद्याचं स्वरूप काय, हा प्रश्न आमच्या घरात पहिल्यांदा मला नव्हे, तिला पडला होता, आणि तिचं उत्तर दुसऱ्यानंच लिहून टाकलं होतं. मला कंत्राटदाराचा संताप आला आणि स्वतःची भयंकर लाज वाटली.

मी सल्लागारांना फोन केला. ते म्हणाले, "घर तुमच्या नावावर आहे?"

"नाही सर, आईच्या."

"मग घराचा संबंध कुठं येतो? त्यांनी जागा वापरायला दिलीय, जामीन राहिल्या नाहीयेत."

"आणि कंपनी काढली असती तर?"

"तर नोटीस कंपनीला आली असती, आणि ती वाचून तुम्हीच घाबरला असता. इथं बेळगावला जीएसटी ऑफिसात येऊन साहेबांना भेटा आणि सरळ सांगा."

भेटीच्या दिवशी आई माझ्याआधी तयार होऊन बसली होती. ठेवणीतलं लुगडं, आणि काखेत उताऱ्याची पिशवी. येऊ नको म्हणून मी दोनदा सांगितलं. "माझं घर हाय," ती म्हणाली. बसमध्ये ती खिडकीशी बसली. संकेश्वरला उसाच्या ट्रॅक्टरांनी बस बराच वेळ अडकून पडली, तेवढ्या वेळात तिनं पिशवी एकदाही मांडीवरून खाली ठेवली नाही.

अधिकारी माझ्यापेक्षा तरुण होते. आवाज शांत. मी कन्नडमधून सगळं सांगितलं, अडखळत, कोल्हापूरला परराज्य समजायचं सुचलंच नाही हेही सांगितलं. त्यांनी कंप्युटरवर माझी बिलं बघितली. मग म्हणाले, "या पट्ट्यातली ही चूक मला नवी नाही. बरोबर टॅक्स बरोबर नावानं पुन्हा भरा, चुकून भरलेला परत मागायचा अर्ज करा. व्याज लागणार नाही. बिलं दुरुस्त करून द्या."

एवढंच? माझ्या डोळ्यांत पाणीच आलं. साठवलेलं बरंचसं आधी भरण्यात जाणार होतं आणि परत मिळेपर्यंत थांबावं लागणार होतं, पण त्या क्षणी ते काहीच वाटलं नाही. मी उठले. आई उठली नाही. तिनं पिशवीतून उतारा काढून टेबलावर ठेवला आणि तिच्या बाजारातल्या कन्नडमध्ये विचारलं, "साहेब, हे घर?"

"घराचं काही नाही, अम्मा. घर तुमचंच आहे."

"तसं लिहून द्या."

ते हसले, पण टिंगलीनं नाही. असं लिहून देण्याची पद्धत नसते म्हणाले. जे प्रकरणातच नाही त्याबद्दल काय लिहिणार? आईनं उतारा परत घडी करून पिशवीत घातला.

स्टँडवर चहा घेताना मी तिला म्हटलं, "ऐकलंस ना? आता कशाला घाबरतेस?"

"तोंडी सांगितलं त्येनं."

"अगं, कायदाच तसा आहे."

"मला बी तोंडीच सांगितलं हुतं," ती म्हणाली आणि चहा अर्धा टाकून उठली.

मी पैसे भरले, बिलं दुरुस्त केली, फौंड्रीनं काम परत सुरू केलं. माझ्यापुरतं प्रकरण मिटलं. तिच्यापुरतं मिटलं नाही. दिवसातून एकदा तरी ती पेटी उघडून उतारा जागेवर आहे का बघायची. पाटी मी परत लावली, पण ती आता पाटी पुसायची नाही. दार पुसायची आणि तेवढा चौकोन सोडायची. गल्लीत मोटारसायकल थांबली की आता दोघी उठायला लागलो. कायदा मला समजला होता, पण तो तिला समजावण्याचा अधिकार मला उरला नव्हता. मग मी ठरवलं, धंदा या घरातून बाहेर काढायचा.

आमच्या गल्लीच्या तोंडाशी पिठाची गिरणी आहे. तिच्या माथ्यावर एक खोली रिकामी होती. गिरणीवाले आप्पा म्हणाले, घे की. पोर्टलवर पत्ता बदलायचा तर त्यांचंही लाइट बिल, उतारा आणि संमतीपत्र लागणार होतं. मी संमतीपत्र घेऊन गेले तेव्हा गिरणी धडधडत होती. त्यांनी पिठाचे हात झटकून पेन मागितलं. मी म्हटलं, आप्पा, आधी गिरणी बंद करा. दळणाला आलेल्या बायका वैतागल्या. मी तो कागद मोठ्यानं, सावकाश, शेवटच्या ओळीपर्यंत वाचला. कशाला हरकत नाही, कशाची जबाबदारी त्यांच्यावर नाही, सगळं. आप्पा कंटाळले. "सही कुटं करू त्ये सांग की गं," म्हणाले. मी उरलेलं वाचलं आणि मग जागा दाखवली.

नव्या पत्त्याचा कागद पोर्टलवर आला त्या दिवशी मी खुर्ची वर चढवून घेतली. आईचं जुनं संमतीपत्र तिच्या हातात दिलं, म्हटलं, आता हे कुठंच लागू नाही, तू पाहिजे ते कर. तिनं ते चुलीत घातलं आणि पूर्ण जळेपर्यंत तिथंच बसून राहिली.

संध्याकाळी ती जिना चढून खोलीवर आली. काखेत लुगड्यात गुंडाळलेली पाटी होती. धापा टाकत तिनं खोली बघितली, खिडकी बघितली, खालून येणारा पिठाचा वास घेतला.

"आप्पानं बी सही केली?"

"केली की. त्याशिवाय पत्ता बदलत नाही."

"काय लिव्हलंय त्ये वाचून दाखवलंस त्येला?"

"दाखवलं. शब्दन् शब्द. गिरणी बंद करायला लावून."

तिनं मान डोलावली. लुगड्याची गुंडाळी सोडून पाटी माझ्या हातात दिली.

"मला न्हाय दाखवलंस," ती म्हणाली, आणि खिळे कुठं मारायचे ते बघायला दाराकडं गेली.